कंदील जळत होता

थोरला मुलगा विहिरीच्या आत इंजिनाजवळ पडला होता. त्याच्या पायांवर आडवा आमचा गडी, सालदार, पडला होता. आणि माझ्या नवऱ्यानं धाकट्या मुलाला काठावर उताणं पाडून त्याच्या छातीवर गुडघा रोवला होता. धाकटा भावाला काढायला खाली उतरत होता. हे त्याला उतरू देत नव्हते.

"सोडा मले! बाबा, सोडा! तो मरून राहिला तिथं!"

"नाई सोडत."

"कंदील जळून राहिला ना! डोळे फुटले काय तुमचे? कंदील जळून राहिला!"

कंदील खरंच जळत होता. सालदारानंच तो दोरीला बांधून खाली सोडला होता. वर चैताचं ऊन होतं आणि खाली त्या दोघांच्या डोक्याजवळ कंदिलाची ज्योत सरळ उभी होती, जरासुद्धा हलत नव्हती. आमच्याकडे विहिरीत उतरायचं तर आधी कंदील सोडतात. विझला तर आत वाईट हवा, उतरायचं नाही. जळत राहिला तर खुशाल उतरायचं. माझा आजा असंच करायचा, त्याचा आजाही असंच करत असेल. या रीतीनं आमच्याकडे विहिरीत कोणी मेल्याचं मी ऐकलं नव्हतं.

आजूबाजूच्या वावरातली माणसं धावून आली होती. त्यांनी आधी कंदील पाहिला, मग यांना पाहिलं.

"काकाजी, हवा चांगली हाये! काहून अडवून राहिले पोराले?"

"बुढ्याचं डोस्कं फिरलं. धरा रे त्याले."

"कोणी हात लावला तं याद राखा," हे म्हणाले. "दोन आत हायेत. तिसरा मी देत नाई."

मी भाकरी घेऊन वावरात आले होते. टोपली कुठं पडली मला आठवत नाही. मी यांच्या पाठीत बुक्क्या मारल्या. कसाई म्हटलं. चारचौघांत म्हटलं. त्याबद्दल मला तेव्हा काही वाटलं नाही आणि आजही वाटत नाही, कोणतीही आई म्हणेल. पण तो शब्द मी त्यांच्याच तोंडून ऐकला होता. ते एका साहेबाला कसाई म्हणायचे. तो साहेब समुद्रावरचा, कस्टमच्या गस्तीच्या बोटीवरचा. म्हणून विहिरीचं सांगायचं तर मला आधी समुद्राचं सांगावं लागतं.

आमचं गाव अमरावतीकडं, वलगावच्या पुढं. इकडचा माणूस समुद्रावर नोकरीला जात नाही. हे गेले ते इंजिनामुळं. लग्न झालं तेव्हा हे धामणगाव रेल्वेला जिनात होते. कापसातली सरकी काढायची यंत्रं फिरवायला तिथं एक मोठं इंजिन होतं, त्याला तेल घालायचं काम. कापूस संपला की जिन बंद आणि माणूस घरी. जिनातला इंजिन ड्रायव्हर मुंबईकडचा होता. त्यानं सांगितलं, कस्टमच्या लॉंचेसवर ग्रीजर घेऊन राहिलेत, म्हणजे इंजिनाला तेल-ग्रीस देणारा माणूस, सरकारी नोकरी आहे. यांनी विचारलं, मले पाणी माहीत नाई, कसं जमन? तो म्हणाला, "इंजिन तेच आहे रे. फक्त खालची जमीन हलते."

तेवढ्यावर हे गेले. दोन वर्षांनी मलाही घेऊन गेले. कोकणातल्या एका बंदरात कस्टमच्या चाळीत दोन खोल्या मिळाल्या. दोन्ही मुलं तिथंच झाली.

समुद्र पहिल्यांदा पाहिला तेव्हा शेजारच्या बाया माझ्या तोंडाकडे पाहत होत्या, ही आता काय म्हणते म्हणून. मी काही म्हटलं नाही. माझं माहेर दर्यापूरकडचं, खारपाणपट्ट्यातलं. तिथं विहिरीचं पाणी खारट, पिता येत नाही, पिकालाही चालत नाही. डोळ्यासमोर पाणी आहे आणि घोटभर उपयोग नाही, हे मी जन्मापासून पाहिलं होतं. इथं ते जास्त होतं, एवढंच.

यांच्या लॉंचवर एक टंडेल होता. टंडेल म्हणजे खलाशांचा मुख्य. तो तिकडचाच, पिढीजात पाण्यातला. रविवारी आमच्या ओसरीवर येऊन बसायचा आणि मी केलेली ज्वारीची भाकरी मिरचीच्या ठेच्याबरोबर खायचा. खाताना नाक-डोळे वाहायचे.

"वहिनी, तुमच्याकडे हे रोज खातात?"

"रोज."

"मग तुमच्याकडे चोऱ्या होत नसतील. चोराला हे खायला घातलं की तो सगळं कबूल करेल."

कस्टमच्या बोटींचं जे काही मला माहीत आहे ते बरंचसं त्याच्याकडून. त्याचा बाप इंग्रजांच्या वेळी पहाऱ्याच्या होडीवर होता. शिडाची होडी. तेव्हा चोरून येणारं मीठ आणि दारू अडवायचे. वारा पडला की चोरही थांबायचा आणि पहाराही थांबायचा. दोघं हाकेच्या अंतरावर बसून एकमेकांकडे पाहायचे, एकमेकांना शिव्या द्यायचे, आणि भूक लागली की जेवायचे. वारा सुटला की परत पाठलाग. मग इंजिनं आली. ज्याचं इंजिन मोठं तो जिंकला, आणि मोठं इंजिन नेहमी चोराकडं, कारण त्याला कोणाची मंजुरी लागत नाही.

यांच्या काळात सोनं यायचं. आखाताकडून गलबतं यायची, लाकडी, पण आत इंजिन बसवलेली. सोन्याची बिस्किटं जाडजूड कापडाच्या जाकिटांत, खिशाखिशांत शिवलेली. एक जाकीट यांनी हातात धरून पाहिलं होतं. म्हणायचे, ते घालून माणूस पाण्यात पडला तर सोन्यासकट तळाला जाईल. शिवाय घड्याळं, नायलॉनचं कापड, ट्रान्झिस्टर. इकडून चांदी जायची. लॉंच दिसली की गलबतवाले माल पाण्यात सोडायचे, खूण ठेवून. मग लॉंच तिथं घिरट्या घालायची आणि गलबतवाले वर उभे राहून विडी ओढायचे. आमच्याकडं काय आहे साहेब, खजूर आहे, खा.

लॉंच म्हणजे यांच्या शब्दांत बैलगाडी होती. समोरची बोट डोळ्यादेखत निघून जायची. पुढं पुढं सरकारनं एक केलं. चोरांच्या जलद बोटी पकडल्या गेल्या तर त्या जप्त करून त्याच गस्तीला लावल्या. चोराचीच बोट चोराच्या मागं. यांचा जीव अशाच एका बोटीच्या इंजिनात अडकला होता. घरी येऊन त्याच्याबद्दल असं बोलायचे की मला वाटायचं दुसरी बायको केली.

साहेब लोक येत-जात असायचे. बरेचसे आमच्यासारखेच आतल्या मुलुखातले. परीक्षा पास होऊन आलेले, पाण्याची सवय नाही. पांढरा कडक गणवेश, चकचकीत बूट, आणि बंदराच्या बाहेर पडलं की काठाला धरून ओकायचे. काही चांगले होते. काहींच्या बायकांच्या हातात नवीन घड्याळ दिसायचं, ते कुठून आलं हे चाळीत सगळ्यांना माहीत होतं आणि कोणी बोलत नव्हतं. मी पण बोलले नाही. आपल्याला त्याच चाळीत राहायचं होतं.

एक साहेब वेगळा होता. किडकिडीत, कमी बोलणारा, खालून चढत वर आलेला. रविवारी हा सगळ्यांना जेट्टीवर बोलावून दोरीच्या गाठी मारायला लावायचा. बुडणाऱ्याला वर घ्यायची गाठ, काखेखालून घ्यायची, जी ओढली तरी आवळत नाही. डोळे बांधून मारायला लावायचा. सुट्टीचा दिवस जातो म्हणून सगळे त्याला शिव्या द्यायचे. टंडेल सगळ्यात जास्त, कारण त्याला ती गाठ जन्मापासून येत होती.

हाच तो कसाई.

झालं असं. पावसाळा संपता संपता त्यांनी एक गलबत पकडलं. ते गळत होतं. पाणी उपसलं नाही तर बंदरापर्यंत येण्याआधीच बुडालं असतं, म्हणून त्याच्या पोटात ठेवलेला इंजिनाचा पंप चालूच ठेवला आणि लॉंचनं ते ओढत आणलं. खाडीच्या तोंडाशी आल्यावर झडती सुरू झाली. माल तळाशी वजनाला ठेवलेल्या दगडांखाली असणार. एक तरुण इन्स्पेक्टर हातात बत्ती घेऊन गलबताच्या पोटात उतरला. बत्ती चांगली जळत होती. त्यानं दोन दगड हलवले आणि बसला. मग आडवा झाला. टंडेल म्हणाला, पोराला चक्कर आली, आणि उतरला. तोही तिथंच पडला. तिसरे हे निघाले. आत तोंड घातलंच होतं, तेवढ्यात त्या साहेबानं मागून यांची कॉलर धरून यांना फळ्यांवर आपटलं, पोटात उतरायच्या तोंडावर जाऊन उभा राहिला आणि कमरेचं पिस्तूल हातात घेतलं. म्हणाला, "दोन आत आहेत. तिसरा मी देणार नाही."

बत्ती जळताना सगळ्यांना दिसत होती. सगळे ओरडत होते. साहेब हलला नाही. आधी पंप बंद करवला. मग सगळ्या फळ्या काढायला लावल्या, शिडाचं कापड वाऱ्याच्या तोंडाला धरून हवा आत घालायला लावली. मग माणूस उतरवला, दोर बांधून. तोवर दोघंही गेले होते.

टंडेलाची बायको माझ्या ओळखीची होती. मी तिच्याकडं गेले होते. त्याबद्दल मी लिहिणार नाही.

नंतर सरकारी डॉक्टरनं सगळ्यांना उभं करून सांगितलं. बंद जागेत इंजिन चाललं की धुराबरोबर एक विषारी वायू साचतो. तो दिसत नाही, त्याला वास नाही, आणि तो बत्ती विझवत नाही. बत्ती विझते ती दुसऱ्या कारणानं. इथं माणूस बत्तीच्या आधी विझतो. हे सगळं यांनी घरी येऊन मला सांगितलं. तरी म्हणाले, "मी गेलो असतो तं टंडेल वर आला असता. कसायानं जाऊ देल्लं नाई."

त्या साहेबाची बदली झाली तेव्हा सगळे हार घेऊन जेट्टीवर गेले. हे घरी बसून राहिले. पुढं त्याचा विषय निघाला की कसाई. नाव कधी घेतलं नाही.

मग सरकारनं सोनं आणायला मोकळीक दिली. चोरून आणण्यात राम उरला नाही. बोटी जेट्टीला बांधून सडायला लागल्या, काही लिलावात गेल्या. यांच्या आवडत्या इंजिनाचं भंगार झालं. हे पेन्शन घेऊन गावी आले.

मी मुलांना घेऊन कधीचीच परत आले होते. शेती दोघा मुलांनी धरली होती. संत्र्याची झाडं, आणि बाजूला कपाशी. थोरला शेतकरी होता, खरा. त्याचं लग्न झालं होतं. धाकट्याचं व्हायचं होतं. हे आले तेव्हा यांना शेतातलं काही कळत नव्हतं. गाव यांना समिंदरवाला म्हणायचं. हे बांधावर उभे राहिले की कोणीतरी ओरडायचं, "काय कप्तान, जहाज दिसून राहिलं काय?" हे म्हणायचे, "दिसून राहिलं. तुह्यापेक्षा सरळ चालून राहिलं."

ती वर्षं वाईट होती. काय वाईट होतं ते पेपरात पुष्कळ छापून आलं आहे, मी परत सांगत नाही. आमच्यापुरतं सांगते. विहिरींचं पाणी दरवर्षी खाली चाललं होतं. वीज यायची ती रात्री-बेरात्री, आणि दिवसा लोडशेडिंग. विजेची मोटर होती, पण तिला दिवसा फिरवणार कशानं? फळ धरलेलं असताना संत्र्याला पाणी चुकलं तर आधी फळ जातं, मग झाड जातं. शेजारच्या दोन बागांना करवत लागली होती. दहा-बारा वर्षं वाढवलेलं झाड चुलीला गेलं. थोरला रोज त्या बागांवरून यायचा आणि आपल्या झाडांची पानं उलटून पाहायचा.

त्यानं कोपऱ्यात पडलेलं जुनं डिझेल इंजिन काढलं. इंजिन काठावर ठेवलं तर पाणी ओढलं जात नव्हतं, इतकं ते खाली गेलं होतं. म्हणून गावात सगळे करत होते तेच करायचं ठरलं. विहिरीच्या आत अर्ध्यावर खडकाचा टप्पा होता, त्यावर फळ्या टाकून इंजिन खाली बसवायचं. वलगावचा एक मिस्त्री बोलावला. चांगला माणूस, हात साफ. यांनी त्याला विहिरीवरच अडवलं.

"इंजिन खाली नाई न्यायचं."

"चाचा, साऱ्या गावाचे इंजिन खाली हायेत. आपलंच काय न्यारं हाये?"

"त्याचा धूर बसते खाली."

"ऊपर से खुली है ना चाचा. ये क्या बंद कमरा है?"

थोरला म्हणाला, "बाबा, हा काय तुमचा समिंदर हाये? इहीर हाये. झाडं वाळून राहिले. तुमी सांगा, दुसरं काय करू?"

यांच्याकडं दुसरं काही नव्हतं. खरंच नव्हतं. मग यांनी दोन गोष्टी कबूल करून घेतल्या. डिझेलचा डबा वर काठावर ठेवायचा आणि डिझेल नळीनं खाली न्यायचं, म्हणजे डिझेल टाकायला कोणाला उतरायला नको. आणि इंजिन चालू असताना खाली जायचं नाही, काहीही झालं तरी. सकाळी हॅंडल मारून चालू करायचं आणि लगेच वर यायचं. थोरला हो म्हणाला. मिस्त्री हसला, पण त्यानं नळी बसवली. आणि थोरल्यानं शब्द पाळला, बरेच दिवस पाळला.

त्या दिवशी वारा नव्हता. इंजिन सकाळपासून चालू होतं. हे बागेच्या पलीकडच्या टोकाला पाटात पाणी पाहत होते. पाणी एकदम थांबलं. इंजिनाचा आवाज येत होता पण पाणी नव्हतं. पंपानं पाणी सोडलं होतं, म्हणजे आत हवा शिरून तो पाणी ओढत नव्हता. थोरला इंजिन बंद करून, वाट पाहून उतरू शकला असता. पण ते इंजिन एकदा बंद पडलं की तापलेलं असताना परत चालू व्हायला रडवायचं. त्याला वाटलं असेल, पटकन जाऊन पंपात पाणी टाकून येतो. काय वाटलं ते तोच जाणे. सालदारानं त्याला उतरताना पाहिलं. मग हाक मारली तर उत्तर आलं नाही.

सालदार आमच्याकडं बरीच वर्षं होता. सालदार म्हणजे वर्षाच्या बोलीनं घरी राहणारा गडी, पण तो घरच्यासारखाच. त्यानं वाकून पाहिलं. त्याला हेही माहीत होतं की असं उतरायचं नसतं. म्हणून त्यानं झोपडीतला कंदील आणला, पेटवला, दोरीनं सोडला. जळला. मग उतरला. थोरल्याच्या काखेत हात घातले आणि तसाच त्याच्या पायांवर पडला.

त्यानंतर धाकटा आणि हे दोन बाजूंनी धावत आले, आणि मी रस्त्यानं. यांनी आल्याबरोबर खाली पाहिलंही नाही. आधी डब्याची नळी उपसली. मला वाटलं, पोरगा खाली पडला आणि हा माणूस नळ्या उपसून राहिला. इंजिन दोनदा खोकललं आणि बंद पडलं. तेव्हा धाकट्याचा एक पाय आत लोखंडी पायरीवर होता. यांनी त्याला केसांना धरून वर ओढलं.

इथून मी सुरुवात केली होती.

लोक ओरडत होते. धाकटा खालून लाथा झाडत होता, तो तरणा होता, हे साठीच्या पुढचे. जास्त वेळ धरून ठेवता आलं नसतं. यांनी मान वर करून माझ्याकडं पाहिलं. मी अजून मारतच होते.

"याच्या पायावर बस," ते म्हणाले.

"तुमी कसाई हा."

"हाओ. बस. एक तरी ठेवायचा का नाई तुले?"

मी कंदिलाकडं पाहिलं. तो जळत होता. माझ्या आज्याची रीत एका बाजूला, आणि ज्याला इतकी वर्षं समुद्रावर राहून पोहता येत नव्हतं असा माणूस एका बाजूला. मी बसले. मुलाच्या दोन्ही पायांवर बसले आणि त्याचा सदरा मुठीत धरला. त्यानं मला जे म्हटलं ते कोणत्याही मुलानं आईला म्हणू नये. मी उठले नाही.

मग हे उभे राहिले आणि ओरडले. मी या माणसाला तसं ओरडताना कधी ऐकलं नव्हतं. ते साहेब लोकांचं ओरडणं होतं. "ताडपत्री आणा! कापूस झाकायची! चार कोपऱ्याले चार दोर!" आणि जे लोक दोन मिनिटांपूर्वी यांना धरायला निघाले होते ते धावले. ताडपत्री आली. चौघांनी चार दोर धरले आणि ती विहिरीत सोडून भात्यासारखी वर-खाली केली. खाली दाबली की आतली हवा बाजूंनी वर यायची. मी काठावरच बसले होते, मला कढत वारा लागला. कंदील आडवा होऊन आपटला आणि विझला. तेव्हा पहिल्यांदा ज्योत हलली.

"बस झालं, आता उतरा," लोक म्हणायला लागले.

"हाणा अजून."

धाकट्याचं ओरडणं थांबलं होतं. तो रडत होता आणि माझ्या हाताखाली त्याची छाती उडत होती. मला तेवढंच कळत होतं, ही उडते आहे.

शेवटी यांनी काखेखालून दोर घेतला, रविवारची गाठ मारली, आणि स्वतः उतरले. दोर धरणाऱ्यांना सांगितलं, "मी बोलत राहीन. बोलणं थांबलं तं विचारू नोको, ओढजो." आणि ते बोलत राहिले. काय बोलत होते? अंक म्हणत होते. एक, दोन, तीन, शाळेतल्या पोरासारखे. विहिरीतून तेवढाच आवाज.

अंक म्हणता म्हणताच खालून हाक आली, "दुसरा दोर!" दुसरा दोर सोडला. जड झाला. ओढला. मी मान वळवून पाहिलं. वर आला तो सालदार होता. तोंड लालसर, मान लटकलेली. त्याला सावलीत टाकलं आणि तो घरघरला.

मग दोर परत गेला आणि थोरला वर आला.

त्याचंही तोंड लालसर होतं. बघणाऱ्याला वाटावं, उन्हात झोपला आहे. यांना वर घेतलं तेव्हा हे चार पायांवर चालत थोरल्यापर्यंत गेले, त्याच्या तोंडाला कान लावला, मग छातीला लावला, आणि तिथंच ओकले. रस्त्यावरून दर्यापूरची जीप चालली होती, ती थांबवली. उतारू आपणहून उतरले. दोघांना अमरावतीच्या सरकारी दवाखान्यात नेलं. थोरल्याला तपासून डॉक्टरनं हात सोडला. सालदाराच्या तोंडाला ऑक्सिजनची नळी लावली.

त्या डॉक्टरनं आम्हाला सांगितलं, पहिला जो आहे तो दुसरा उतरायच्या आधीच गेला असावा. असावा म्हणाला. ते खरं होतं का आम्हाला बरं वाटावं म्हणून होतं, मला माहीत नाही. मी परत विचारलं नाही.

घरी माणसं येत राहिली. त्या दिवसांत शेतात कोणी मेलं की पंचनाम्याला येणारे एकच विचारायचे, स्वतः होऊन केलं का? मी त्यांना सांगितलं, तो मरायला उतरला नव्हता. पंपानं पाणी सोडलं म्हणून उतरला होता. दोनदा सांगावं लागलं.

गावात बोलणं झालं. ताडपत्रीचा दोर धरणारेच बोलले. बुढ्यानं गड्याले आदी काढलं अन् पोराले मागून. सुनेच्या कानावर गेलं. ती बोलणारी पोरगी नव्हती, पण तेराव्यानंतर एकदा यांच्यासमोर येऊन उभी राहिली. डोक्यावर पदर, नजर खाली.

"बाबाजी, त्याले आदी काहून काढलं?"

"तो हालत होता," हे म्हणाले.

"अन् हे?"

ती थोडा वेळ उभी राहिली आणि आत गेली. ती अजून माझ्याजवळ राहते. आम्ही दोघी त्याबद्दल बोलत नाही.

धाकट्यानं मिस्त्रीला बोलावून इंजिन वर काढलं. मिस्त्री त्या दिवशी हसला नाही, पैसे घेतले नाहीत, चहाही घेतला नाही. संत्र्याची झाडं त्या उन्हाळ्यात गेली. सगळी नाही, विहिरीच्या बाजूच्या दोन ओळी राहिल्या. धाकटा बापाशी बोलायचा, नाही असं नाही. जेवले का, औषध घेतलं का. त्यापलीकडं नाही. हे त्याला कधी काही समजावायला गेले नाहीत. मी एकदा म्हटलं, सांगा ना त्याले, तुमच्या बोटीवर काय झालं होतं ते. हे म्हणाले, "म्या तरी त्या वक्ती कोणाचं ऐकलं?"

आणि एक सांगायचं राहिलं. त्या उन्हाळ्यानंतर यांनी कसाई हा शब्द वापरला नाही. त्या साहेबाचा विषय एकदाच निघाला, पावसाळ्यात ओसरीवर बसलो असताना. हे म्हणाले, साहेब आता म्हातारा झाला असंन. त्याचं नाव घेतलं. इतक्या वर्षांत मी ते पहिल्यांदा ऐकलं. इथं लिहीत नाही.

यांचं डोकं त्यानंतर कायम दुखायचं, आणि काही वर्षांनी हे खाटेवरच वारले, आजारानं. धाकट्यानं आग दिली. त्याला आता दोन मुली आहेत. सालदार म्हातारा झाला, एका बाजूनं लंगडतो, आमच्याच गोठ्यामागच्या खोलीत राहतो आणि माझ्याइतकाच चहा पितो.

त्या दिवशी विहिरीवर आम्ही घरचे पाच जण होतो, सालदाराला धरून. थोरला गेला. हे, मी, धाकटा आणि सालदार जगलो.